उर्जेलचा फेलिक्स: एक बिशप पाखंडी कसा ठरला

आठव्या शतकाच्या अखेरीस स्पेनमधल्या दोन बिशपांनी एकच मत मांडलं. एकाला राजासमोर उभं केलं गेलं, रोमला नेऊन शपथ घ्यायला लावली गेली, आणि शेवटी धर्मपीठ (बिशपची गादी) काढून घेऊन मरेपर्यंत परक्या शहरात नजरकैदेत ठेवलं गेलं. दुसरा त्या मताचा खरा पुरस्कर्ता होता. तो मात्र ऐंशी ओलांडल्यावरही स्पेनमधल्या सर्वांत मानाच्या धर्मपीठावर बसून राजाच्या विद्वानांना खरमरीत पत्रं लिहीत राहिला. पहिला उर्जेलचा बिशप फेलिक्स, दुसरा टोलेडोचा आर्चबिशप एलिपांडस. दोघांच्या मतात फारसा फरक नव्हता. फरक होता तो दोन गावांच्या मधून गेलेल्या सरहद्दीचा. टोलेडो कोर्दोबाच्या मुस्लीम अमिराच्या राज्यात होतं, तर पिरेनीज पर्वतातलं उर्जेल ७८५ नंतरच्या काही वर्षांत फ्रँक राजा शार्लमेनच्या ताब्यात गेलं होतं.

फेलिक्सचं प्रकरण समजून घ्यायचं तर आधी मूळ मुद्दा नीट कळायला हवा. अनेक ठिकाणी तो ‘ख्रिस्त देव नाही असं फेलिक्स म्हणत होता’ एवढ्या एका वाक्यात उरकला जातो. हे चुकीचं आहे. फेलिक्स तसं कधीच म्हणाला नाही.

वाद नेमका कशावर होता

४५१ साली खाल्सेडॉनच्या धर्मपरिषदेने एक सूत्र ठरवलं होतं: ख्रिस्त ही एकच व्यक्ती, पण तिच्यात दोन स्वभाव आहेत. पूर्ण देवपण आणि पूर्ण माणूसपण. हे दोन्ही एकमेकांत मिसळून तिसरंच काही होत नाही आणि एकमेकांपासून तुटतही नाहीत. हे सूत्र फेलिक्सला मान्य होतं आणि त्याच्या विरोधकांनाही. भांडण पुढच्या पायरीवर झालं. ख्रिस्ताला ‘देवाचा पुत्र’ म्हणतात, तेव्हा हे पुत्रत्व कोणाचं? त्या एका व्यक्तीचं, की प्रत्येक स्वभावाचं वेगवेगळं?

एलिपांडस आणि फेलिक्स यांचं उत्तर असं: देवपणाच्या बाजूने ख्रिस्त पित्याचा औरस पुत्र आहे, अनादि काळापासून. माणूसपणाच्या बाजूने, म्हणजे मरियेच्या पोटी जन्मलेला माणूस म्हणून, तो कृपेने स्वीकारलेला, दत्तक पुत्र आहे. म्हणून या मताला ‘दत्तकवाद’ म्हणतात. त्याआधी पाचशे वर्षं समोसाताचा पॉल हा अँटिऑकचा बिशप २६८ साली दोषी ठरला होता. येशू हा मुळात केवळ माणूस आणि देवाने त्याला वर उचललं, असा त्याच्यावरचा आरोप होता. स्पेनमधला दत्तकवाद तो नव्हे. इथे ख्रिस्ताचं देवपण शंभर टक्के शाबूत आहे. फक्त त्याच्या माणूसपणाचं देवाशी नातं काय, एवढाच प्रश्न आहे.

मग ‘दत्तक’ म्हणायची गरज का पडली? यामागे एक खोल धार्मिक तळमळ होती आणि ती समजून न घेता फेलिक्सला मोडीत काढणं अन्यायाचं ठरेल. प्रेषित पौलाच्या पत्रांत ख्रिस्ती माणसाला देवाचं दत्तक लेकरू म्हटलं आहे. रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या आठव्या अध्यायात ख्रिस्ताला ‘पुष्कळ भावंडांतला थोरला’ म्हटलं आहे. फेलिक्सचा प्रश्न सरळ होता: धाकटी भावंडं दत्तक आणि थोरला तेवढा नाही, तर मग तो त्यांचा भाऊ कसा? ख्रिस्त पाप सोडून सर्व बाबतींत आपल्यासारखा माणूस झाला, हे खरं मानायचं असेल तर आपल्याला मिळणारं पुत्रत्व त्याने आधी स्वतः स्वीकारलं असलं पाहिजे. शिवाय स्पेनच्या चर्चमध्ये पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेल्या मिस्साच्या (मुख्य उपासनाविधीच्या) प्रार्थनांत ख्रिस्ताच्या मानवी देहाबद्दल ‘आदोप्तिवुस’, म्हणजे दत्तक, हा लॅटिन शब्द येत होता. एलिपांडसच्या दृष्टीने तो नवं काही सांगतच नव्हता.

याला सर्वांत नेमकं उत्तर अल्क्विनने दिलं. हा इंग्लंडमधल्या यॉर्कचा विद्वान, शार्लमेनच्या दरबारातला मुख्य शिक्षक. त्याचा युक्तिवाद दत्तकविधान ठाऊक असलेल्या कुणालाही चटकन पटेल. दत्तक जायचं तर मुलगा आधी असावा लागतो, आणि तो दत्तक घेणाऱ्याचा नसावा लागतो. विधी होण्याआधी तो दुसऱ्या घरचा असतो. पण येशू हा माणूस देवाच्या पुत्रापासून वेगळा, स्वतंत्र असा एक क्षणभर तरी होता का? खाल्सेडॉनच्या सूत्राप्रमाणे नव्हता. गर्भधारणेच्या पहिल्या क्षणापासून ते माणूसपण देवाच्या पुत्राचंच होतं. जो कधीच परका नव्हता त्याला दत्तक घेणार कोण आणि कसं? आणि ‘दत्तक पुत्र’ म्हणून वेगळी गणना करायचीच असेल, तर ख्रिस्तात दोन पुत्र, म्हणजे दोन व्यक्ती होतात.

हा शेवटचा मुद्दाच जीवघेणा होता. ख्रिस्तात दोन व्यक्ती मानल्याचा ठपका कॉन्स्टँटिनोपलचा बिशप नेस्टोरियस याच्यावर ४३१ साली एफेससच्या परिषदेत ठेवला गेला होता. एकदा ‘हे तर नेस्टोरियसचंच मत’ असं म्हटलं की नव्याने काही सिद्ध करायची गरज उरत नसे. जुना निकाल नव्या आरोपीला लागू व्हायचा. पाखंडाच्या खटल्यांमध्ये ही युक्ती पुन्हा पुन्हा वापरली गेली आहे. भारतातही. १५९९ साली गोव्याच्या आर्चबिशपने केरळमध्ये उदयंपेरूर इथे परिषद भरवून तिथल्या सुरियानी ख्रिस्ती लोकांवर हाच नेस्टोरियन शिक्का मारला, आणि त्यांचे कित्येक ग्रंथ जाळले किंवा दुरुस्त करायला लावले.

फेलिक्सने स्वतःची बाजू आणखी अवघड करून घेतली. माणूस म्हणून ख्रिस्त हा ‘नाममात्र देव’ आहे, म्हणजे त्या बाजूने त्याला देव म्हणतात ते केवळ नावाने, असा शब्दप्रयोग त्याने केला. त्याच्या तर्काच्या साखळीत तो बसतो, पण ऐकणाऱ्याच्या कानाला तो ख्रिस्ताचं देवपण नाकारल्यासारखाच लागतो. विरोधकांनी हे शब्द शेवटपर्यंत सोडले नाहीत.

ठिणगी कुठे पडली

गंमत अशी की हा सगळा वाद एका पाखंडाला उत्तर देताना सुरू झाला. दक्षिण स्पेनमध्ये मिगेटियस नावाचा एक उपदेशक होता. त्याच्या विरोधकांच्या म्हणण्याप्रमाणे तो त्रैक्याच्या (पिता, पुत्र, पवित्र आत्मा या एकाच देवाच्या) तीन व्यक्ती म्हणजे दावीद, येशू आणि पौल असं शिकवत होता. त्याचं खंडन करताना ७८०च्या दशकाच्या सुरुवातीला एलिपांडसने ख्रिस्ताचं देवपण आणि माणूसपण काटेकोर वेगळं करून मांडलं, आणि त्या ओघात ‘दत्तक’ हा शब्द ठळकपणे पुढे आला.

त्याला पहिला विरोध झाला तो उत्तरेकडच्या अस्तुरियास या छोट्या ख्रिस्ती राज्यातून. लिएबानाचा मठवासी बेआटस आणि ओस्माचा बिशप एथेरियस यांनी या मतावर टीका सुरू केली. ७८५च्या ऑक्टोबरमध्ये एलिपांडसने तिथल्या एका मठाधिपतीला संतापून पत्र लिहिलं: लिएबानाच्या लोकांनी टोलेडोला शिकवावं, असं आजवर कधी कुणी ऐकलं आहे का? या वाक्यात अर्धा वाद आला. टोलेडो ही जुन्या व्हिसिगॉथ राज्याची राजधानी, तिच्या परिषदांनी शतकभर साऱ्या स्पेनचे नियम घडवले होते. आता डोंगरातला एक मठवासी तिच्या आर्चबिशपला पाखंडी म्हणत होता. बेआटस आणि एथेरियस यांनी मिळून प्रत्युत्तराचा मोठा ग्रंथ लिहिला. पोप पहिला हेड्रियन यानेही स्पेनच्या बिशपांना समज देणारं पत्र पाठवलं.

इथवर हे प्रकरण स्पेनच्या घरातलं होतं. एलिपांडसने फेलिक्सचं मत मागवलं, फेलिक्सने ते दिलं आणि शिकवायलाही सुरुवात केली. त्याचं धर्मपीठ आता फ्रँक राज्यात असल्याने वाद पिरेनीज ओलांडून शार्लमेनच्या दारात पोचला.

खटल्याच्या पायऱ्या

७९२ ते ७९९ या सात वर्षांत चार परिषदांनी फेलिक्सचं मत धिक्कारलं.

पहिली ७९२ साली बव्हेरियातल्या रेगेन्सबर्गला, खुद्द शार्लमेनसमोर. फेलिक्सला बोलावून आणलं, त्याचं मत ऐकलं, बिशपांनी ते चुकीचं ठरवलं आणि त्याने माघार घेतली. तेवढ्यावर भागलं नाही. अँगिलबर्ट या राजाच्या विश्वासू माणसाबरोबर त्याला रोमला पाठवण्यात आलं. तिथे पोपसमोर त्याने लेखी कबुली दिली आणि ती संत पीटरच्या समाधीवर ठेवून शपथ घेतली. मग त्याला उर्जेलला परत जाऊ दिलं.

फ्रँकांची चूक इथेच झाली. मन न वळवता फक्त कबुली घेतली गेली होती. शिवाय फेलिक्स ज्या लोकांत परतला ते लोक त्याच जुन्या प्रार्थना म्हणत होते, ज्यांत तो शब्द होता. काही काळातच तो मूळ मतावर गेला आणि सरहद्दीपलीकडे मुस्लीम राज्यात निघून गेला. ७९३ साली अमिराच्या सैन्याने नार्बोनपर्यंत धडक मारली होती. अशा वेळी सरहद्दीवरचा बिशप शत्रूच्या राज्यातल्या आर्चबिशपचं मत चालवतो, ही राजाच्या दृष्टीने केवळ धर्मशास्त्राची बाब राहिली नव्हती.

दुसरी परिषद जून ७९४ मध्ये फ्रँकफर्टला भरली. या परिषदेचं कामकाज कसं चाललं याचं जवळून वर्णन इटलीतल्या अक्विलेयाचा धर्मप्रमुख पॉलिनस याने करून ठेवलं आहे. राजवाड्याच्या दालनात बिशप बसले. एलिपांडसचं पत्र सर्वांसमोर वाचलं गेलं. वाचन संपताच शार्लमेन आसनावरून उठला, पायरीवर उभा राहून बराच वेळ बोलला आणि शेवटी बिशपांना विचारलं, तुम्हाला काय वाटतं? बिशपांनी लगेच निकाल दिला नाही. काही दिवसांची मुदत मागून घेतली आणि उत्तरं लेखी दिली. इटलीच्या बिशपांच्या वतीने पॉलिनसने लिहिलं, फ्रँक राज्यातल्या बिशपांचं उत्तर बहुधा अल्क्विनच्या हातचं आहे, पोपने वेगळं पत्र पाठवलं आणि राजानेही.

फ्रँकफर्टच्या ठरावांत ५६ कलमं आहेत आणि त्यांचा क्रम पाहण्यासारखा आहे. पहिलं कलम एलिपांडस आणि फेलिक्स यांच्या मताचा धिक्कार करतं, दुसरं पवित्र चित्रांच्या पूजेबद्दलचा ग्रीक चर्चचा निर्णय नाकारतं, तिसऱ्यात पदच्युत बव्हेरियन सरदार टासिलो याची क्षमायाचना आहे आणि चौथ्यात धान्याचे कमाल भाव आहेत. दोन पौंडी गव्हाच्या १२ पावांना एक चांदीचं नाणं. त्याच वजनाचे राय धान्याचे १५, जवाचे २० आणि ओटचे २५ पाव. ख्रिस्ताचं पुत्रत्व आणि पावाचा भाव एकाच कागदावर, कारण दोन्ही राजाची जबाबदारी मानली जात होती. शेवटच्या ५६व्या कलमाने अल्क्विनला परिषदेच्या मंडळीत सामील करून घेतलं. तो बिशप नव्हता, फक्त डीकन (खालच्या पायरीचा धर्मसेवक) होता, म्हणून त्याची वेगळी नोंद करावी लागली.

अवतरणांची लढाई

या वादात दोन्ही बाजू तर्कापेक्षा अवतरणांनी लढल्या. आपलं म्हणणं जुन्या धर्मपित्यांनी आधीच लिहिलं आहे, हे दाखवणं म्हणजे पुरावा. स्पेनचे बिशप आपल्या संत इल्डेफोन्सस आणि इसिडोर यांचा दाखला देत. फ्रँकफर्टहून गेलेलं उत्तर कठोर होतं: तुमच्या इल्डेफोन्ससने तुमच्या प्रार्थनांत असं लिहिलं असेल, तर आमच्या पोप ग्रेगरीने आमच्या प्रार्थनांत तसं लिहिलेलं नाही, आणि तुमचे पूर्वज असे होते म्हटल्यावर तुम्ही परधर्मीयांच्या हाती का सापडलात हेही उघड आहे. मुस्लीम राज्यात अल्पसंख्य म्हणून चर्च जिवंत ठेवणाऱ्या माणसांना हे ऐकवणं निर्दयपणाचं होतं.

हस्तलिखितांच्या काळात अवतरणांची अडचण अशी की प्रत्येक प्रत थोडी वेगळी असते. अल्क्विनने आरोप केला की स्पॅनिश प्रार्थनांत मुळात ‘आसुम्प्तियो’, म्हणजे देवाने माणूसपण धारण करणं, असा शब्द होता आणि नंतर तिथे ‘आदोप्तियो’ घालण्यात आलं. याहून मोठा आरोप अर्धशतकानंतर ऱ्हांसचा आर्चबिशप हिंकमार याने केला. चौथ्या शतकातल्या संत हिलरीच्या एका वाक्यात, ख्रिस्ताच्या देहाच्या दीनतेची ‘आराधना होते’ या अर्थी ‘आदोरातुर’ असं होतं. हिंकमार म्हणतो, फेलिक्सने शार्लमेनच्या आखेनमधल्या राजवाड्यातल्या तरुण ग्रंथपालाला लाच दिली, चामड्याच्या पानावरची अक्षरं खरवडली आणि तिथे ‘आदोप्तातुर’, म्हणजे ‘दत्तक घेतली जाते’, असं लिहिलं. चर्मपत्रावर हे सहज करता येतं. शाई पानात खोल मुरत नाही, चाकूच्या पात्याने ती घासून काढता येते आणि इथे तर एका ‘र’च्या जागी दोनच अक्षरं बसवायची होती. पण दोन्ही पाठ वेगवेगळ्या हस्तलिखितांत सापडतात, त्यामुळे फरक नकलणाऱ्यांच्या हातून पडला असणं जास्त संभवनीय आहे. आणि कडक पहाऱ्यातल्या आरोपीने राजाच्या ग्रंथालयात हे साधलं, यावर विश्वास ठेवणं मला तरी जड जातं.

अल्क्विनची स्वतःची पद्धत मात्र अभ्यासूची होती. फेलिक्सचा नवा ग्रंथ हाती आल्यावर त्याने शार्लमेनला सुचवलं की त्याच्या प्रती पोपला, पॉलिनसला, ट्रिअरच्या आणि ऑर्लेयाँच्या बिशपांना पाठवाव्यात आणि प्रत्येकाने एकमेकांना न विचारता उत्तर लिहावं. ती उत्तरं जुळली तर त्यांचं वजन वाढेल. स्वतः त्याने फेलिक्सविरुद्ध सात भागांचा ग्रंथ लिहिला.

आखेन आणि नंतर

७९८ साली पोप तिसरा लिओ याने रोममध्ये ५७ बिशपांच्या परिषदेत फेलिक्सला बहिष्कृत केलं. पण तो तेव्हा पुन्हा उर्जेलमध्ये होता, आणि त्याला जबरदस्तीने उचलून आणलं असतं तर ७९२ची पुनरावृत्ती झाली असती. या वेळी वेगळा मार्ग घेतला गेला. लिओं शहराचा बिशप लायड्राड, नार्बोनचा बिशप निब्रिडियस आणि अनियानच्या मठाचा बेनेडिक्ट हे तिघे उर्जेलला गेले. त्यांनी फेलिक्सला शब्द दिला: राजासमोर तुला तुझे आधार मोकळेपणी मांडता येतील, बळजबरी होणार नाही. फेलिक्स निघाला.

७९९ साली (काही अभ्यासक ८०० मानतात) आखेनला फेलिक्स आणि अल्क्विन यांचा आठवडाभर समोरासमोर वाद झाला. फेलिक्सने हार मानली. नंतर त्याने उर्जेलच्या धर्मगुरूंना लिहिलेलं पत्र शिल्लक आहे. त्यात तो म्हणतो की आपल्याला बळाने नव्हे तर युक्तिवादाने पटवलं गेलं, आणि अलेक्झांड्रियाचा सिरिल, पोप लिओ पहिला आणि पोप ग्रेगरी यांचे असे उतारे दाखवले गेले जे आपल्याला आधी माहीत नव्हते. हे पत्र कैदेतल्या माणसाचं आहे, हे विसरून चालणार नाही. पण उताऱ्यांचा मुद्दा खरा वाटतो. सिरिलचं लेखन मूळ ग्रीक. डोंगराळ उर्जेलच्या ग्रंथसंग्रहात ते नसणं अगदी शक्य आहे.

माघार घेऊनही त्याला धर्मपीठ परत मिळालं नाही. एकदा शपथ मोडलेल्या माणसाला सरहद्दीवर पाठवायची राजाची तयारी नव्हती. लायड्राडच्या देखरेखीखाली त्याला लिओंला ठेवलं गेलं, आणि लायड्राड पुन्हा उर्जेलकडे गेला. अल्क्विनच्या एका पत्रात तिथे २०,००० लोक योग्य मताकडे वळल्याचं लिहिलं आहे. हा आकडा मोजणीचा नाही, विजयाच्या उत्साहातला आहे.

पलीकडे एलिपांडसला यातलं काहीच लागू झालं नाही. ८२ व्या वर्षात पदार्पण केल्याचं तो स्वतः एका पत्रात सांगतो. अल्क्विनला त्याने नवा एरियस (ख्रिस्ताचं पूर्ण देवपण नाकारणारा चौथ्या शतकातला पाखंडी) म्हटलं आणि तुझ्या पदरी २०,००० गुलाम आहेत म्हणून हिणवलं. अल्क्विनला ते इतकं लागलं की आपण सेवेसाठी कधी माणूस विकत घेतला नाही, असा खुलासा त्याने केला. एलिपांडसला पदावरून दूर करायचं तर कोर्दोबाच्या अमिराची मर्जी लागली असती, आणि अमिराला या वादात रस असण्याचं कारण नव्हतं.

दत्तकवाद हा मुसलमानांना पटेल असा ख्रिस्त घडवण्याचा प्रयत्न होता, असं काही जुन्या इतिहासकारांनी लिहिलं आहे. ते टिकत नाही. देवाने कुणाला पुत्र म्हणून घेतलं, हे कुराण स्पष्ट शब्दांत नाकारतं. दत्तक म्हणून सुटका होत नाही. आणि एलिपांडस ख्रिस्ताला देवाचा औरस पुत्रही म्हणतच होता. फेलिक्सने एका मुसलमानाशी केलेल्या वादाचं पुस्तक आहे असं शार्लमेनच्या कानावर आलं होतं, त्याने अल्क्विनकडे चौकशीही केली, पण अल्क्विनला ते सापडलं नाही.

फेलिक्स ८१८ साली लिओंमध्ये वारला. तिथला तेव्हाचा बिशप आगोबार्ड याला त्याच्या कागदांत प्रश्नोत्तरांची एक चिठ्ठी मिळाली. तीत जुनंच मत सौम्य शब्दांत होतं. आगोबार्डने मेलेल्या माणसाविरुद्ध ग्रंथ लिहिला, आणि त्याचं कारणही दिलं: फेलिक्सचं साधं, सात्त्विक राहणं पाहून लोक त्याचं सगळंच बोलणं प्रमाण मानू लागले होते. ख्रिस्ताला माणूस म्हणून काही गोष्टी खरोखरच ठाऊक नव्हत्या, असंही फेलिक्स लिओंमध्ये सांगत असे, अशी आगोबार्डची तक्रार आहे.

ज्यांना मुळातून वाचायचं आहे त्यांनी एक सावधगिरी बाळगावी. फेलिक्सचा मुख्य ग्रंथ उरलेला नाही. त्याची वाक्यं आहेत ती अल्क्विनच्या सात भागांत, खोडून काढण्यासाठी उद्धृत केलेली. तिथे फेलिक्सचं अवतरण कुठे संपतं आणि अल्क्विनने काढलेला निष्कर्ष कुठे सुरू होतो, हे ओळीओळीला तपासावं लागतं. ‘ख्रिस्तात दोन पुत्र’ हे शब्द बहुतेक ठिकाणी अल्क्विनचे आहेत. फेलिक्सचे शब्द ‘एकच पुत्र, दोन प्रकारे’ असे होते. एलिपांडसची पत्रं मात्र त्याच्याच शब्दांत टिकली आहेत, म्हणून वाचन तिथून सुरू करणं सोयीचं पडतं.